पावती मागायला लाजू नका

बारावीचा निकाल आणि सीईटीचे गुण हाती आले की आमच्याकडे पालकांची ये-जा सुरू होते. मुलगी हुशार, अब्बांची फळांची गाडी, आणि कॉलेजने दिलेल्या कागदावर लाखाच्या वरचा आकडा. प्रश्न ठरलेला असतो : "सर, एवढी फी घ्यायचा त्यांना हक्क आहे का?"

या एका प्रश्नावर देशात तीस वर्षांहून अधिक काळ कोर्टकचेऱ्या चालू आहेत. कर्नाटकात सरकारी जागेवरचा विद्यार्थी मेडिकलसाठी वर्षाला 2,000 रुपये भरत होता आणि खाजगी कॉलेज परराज्यातल्या मुलीकडून 60,000 मागत होते. 1992 साली मोहिनी जैन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अशी कॅपिटेशन फी बेकायदा ठरवली. पुढच्याच वर्षी उन्नीकृष्णन खटल्यात निम्म्या जागा कमी फीच्या आणि निम्म्या जास्त फीच्या अशी योजना आली. 2002 मध्ये टी. एम. ए. पै खटल्यात अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने ती योजना रद्द केली. विनाअनुदानित संस्थेने आपली फी आपण ठरवावी, संस्थेच्या वाढीसाठी थोडी शिल्लकही राहू द्यावी. मात्र नफेखोरी आणि कॅपिटेशन फी चालणार नाही, असे न्यायालयाने सांगितले.

2005 चा पी. ए. इनामदार विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा निकाल तर आपल्या घरचाच म्हणावा. इनामदार पुण्याच्या आझम कॅम्पसशी जोडलेले. विनाअनुदानित संस्थांवर, मग ती अल्पसंख्याकांची असो वा इतरांची, सरकारला आपला कोटा लादता येणार नाही, असे सात न्यायमूर्तींनी ठरवले. आपल्याकडे या निकालाचा एवढाच भाग सांगितला जातो. त्याच निकालात लिहिले आहे की नफेखोरी आणि कॅपिटेशन फीवरची बंदी अल्पसंख्याक संस्थांनाही लागू आहे, आणि फीवर देखरेख ठेवणारी समिती नेमणे योग्य आहे. संस्थेला मिळालेला हक्क पालकाचा खिसा कापण्यासाठी नाही.

महाराष्ट्रात 2015 च्या कायद्याने हे काम शुल्क नियामक प्राधिकरणाकडे दिले. कॉलेज आपला खर्च मांडते, प्राधिकरण तपासून फी मंजूर करते आणि ती संकेतस्थळावर जाहीर होते. मंजूर आकड्यापेक्षा एक रुपयाही जास्त घेता येत नाही. तेव्हा प्रवेशाला निघण्यापूर्वी कॉलेजचे नाव आणि अभ्यासक्रम टाकून तो आकडा लिहून घ्या.

आता सवलतीचे. 2024-25 पासून ओबीसी, ईडब्ल्यूएस आणि एसईबीसी गटातल्या, कुटुंबाचे उत्पन्न आठ लाखांपर्यंत असलेल्या मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचे शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ आहे. बागवान, तांबोळी, मोमीन, आत्तार, मन्यार अशा कितीतरी बिरादऱ्या ओबीसीच्या यादीत आहेत. यादीत नसलेल्या गरीब घरांना ईडब्ल्यूएसचा दाखला मिळू शकतो. म्हणजे आपल्या बहुतेक लेकींना हा दरवाजा उघडा आहे.

तरीही वाद होतात, ते तीन ठिकाणी. पहिले, प्रवेश सरकारी कॅप फेरीतून झालेला हवा. एजंटच्या नादाने मॅनेजमेंट कोट्यातून घेतला की सवलत गेली. अभिमत आणि खाजगी विद्यापीठांतही ती नाही. दुसरे, माफी शिक्षण आणि परीक्षा शुल्काची आहे. वसतिगृह, मेस वगैरे वेगळे भरावे लागते. तिसरे, "आधी सगळी फी भरा, सरकारचे पैसे आले की परत देऊ," असे खिडकीवर सांगितले जाते. पात्र मुलीची अशी अडवणूक करू नये, असे शासनाने कॉलेजांना बजावले आहे. हे ऐकून अम्मीच्या कानातले गहाण पडतात, नाहीतर मुलगी घरी बसते. दोन्ही आम्ही पाहिले आहे.

म्हणून काही गोष्टी पक्क्या ठेवा. उत्पन्नाचा, जातीचा, नॉन-क्रीमिलेयरचा दाखला अकरावीतच काढायला घ्या. जात पडताळणीला वेळ लागतो. प्रत्येक रकमेची पावती घ्या, आणि त्यावर कशाची फी ते लिहून घ्या. पावती न देता मागितलेला पैसा देऊ नका. कॅपिटेशन फी घेणे राज्यात 1987 पासून गुन्हा आहे. मूळ गुणपत्रिका कॉलेजात ठेवून घेऊ देऊ नका. यूजीसीने 2018 मध्येच त्याला मनाई केली आहे. तक्रार तोंडी नको, अर्ज लिहा आणि पोच घ्या. प्राचार्यांकडून उत्तर आले नाही तर तोच अर्ज शुल्क नियामक प्राधिकरणाकडे पाठवा.

आपल्या लोकांच्या संस्थेत हिशेब विचारणे बेअदबी वाटते, हे आम्ही जाणतो. पण संस्था कौमच्या नावाने उभी आहे म्हणूनच कौमच्या गरिबाला तिथे आधी हिशेब मिळायला हवा. अदबीने विचारा, पण विचारा. कोर्टाने बांधलेली शिस्त खिडकीपर्यंत पोचवायची असेल तर तिथे उभ्या असलेल्या पालकालाच तोंड उघडावे लागेल.