निखळलेला दात

संस्कृत भाषेत दातास ‘द्विज’ असे एक नाव आहे. ब्राह्मण, पक्षी आणि दात हे तिघेही दोनदा जन्मतात, म्हणून तिघांस शब्द एकच. परंतु दाताचा दुसरा जन्म हा शेवटचाच होय, ही गोष्ट आपल्या घरांतून पुष्कळदा विसरली जाते. सहा-सात वर्षांच्या मुलाचा दुधाचा दात पडला की तो कौलांवर टाकावयाचा आणि नव्याची वाट पाहावयाची, ही जुनी चाल. तीत वाईट असे काही नाही. दुःख इतकेच की, दहा वर्षांच्या मुलाचा कायमचा पटाशीचा दात आघाताने मुळासकट निखळला, तरी वडील मंडळींचे वर्तन जवळजवळ तसेच असते. दात कागदाच्या पुडीत बांधून ठेवावयाचा, हिरडीत हळद दाबावयाची, आणि ‘संध्याकाळी ह्याचे बाबा आले म्हणजे काय ते ठरवू’ असे म्हणावयाचे. बाबा येईपर्यंत दात मेलेला असतो.

‘मेलेला’ हा शब्द आम्ही अलंकार म्हणून योजीत नाही. दात जबड्याच्या हाडात खुंटीसारखा ठोकलेला नसतो. मूळ व हाड ह्यांच्यामध्ये सूक्ष्म तंतूंचा एक थर असतो आणि त्या तंतूंनीच दात तोलून धरलेला असतो. दात निखळला म्हणजे हे तंतू तुटतात व त्यांचा काही भाग मुळास चिकटून बाहेर येतो. त्यातील पेशी काही काळ जिवंत असतात. कोरड्या हवेत मात्र हा काळ फार थोडा. डेन्मार्कमधील आंद्रेआसेन आणि त्यांचे सहकारी ह्यांनी पुन्हा बसविलेल्या ११० दातांचा अभ्यास १९६६ साली प्रसिद्ध केला. अर्ध्या तासाच्या आत जागेवर गेलेल्या दातांपैकी शेकडा ९० दातांची मुळे शाबूत राहिली. दोन तासांहून अधिक वेळ बाहेर राहिलेल्या दातांपैकी शेकडा ९५ दातांची मुळे झिजू लागली. सर्व प्रश्न ह्या अर्ध्या तासाचा आहे.

नाशिककरांस ह्या प्रकरणी सवड असल्याचा भास होतो, कारण वैद्यकीय सोयींची आपल्या नगरीत वाण नाही. महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ १९९८ पासून येथेच आहे; पंचवटीत दंत महाविद्यालयही आहे. तथापि नाशिकरोडच्या मुलास घेऊन सायंकाळच्या गर्दीतून पंचवटीस पोहोचावयाचे म्हणजे अर्धा तास वाटेतच संपावयाचा. रामकुंडाच्या शेवाळलेल्या पायरीवर घसरलेला मुलगा असो, की अनंत कान्हेरे मैदानावर चेंडू तोंडावर बसलेला असो, पहिला उपाय जो जवळ असेल त्यानेच केला पाहिजे. मग ती आजी असो, काकू असो वा शाळेतील मास्तर असोत.

उपाय कठीण नाही, धीर मात्र हवा. दात त्याच्या तोंडात दिसणाऱ्या भागास धरून उचलावा. मुळास बोट लावू नये. माती लागली असल्यास दुधाने किंवा वाहत्या थंड पाण्याने हलकेच धुवावा. घासू नये, खरवडू नये, साबण तर नकोच. मग त्याची पुढची बाजू पुढे येईल असे पाहून तो हळूच खाचेत बसवावा, मुलास स्वच्छ रुमाल दातांत धरावयास सांगावे आणि तडक दंतवैद्याकडे जावे. हे धाडस होत नसेल, तर दात पेलाभर थंड दुधात ठेवून तो पेला बरोबर न्यावा. दूध नसेल तर मुलाचीच लाळ वाटीत घेऊन तीत दात ठेवावा. साध्या पाण्यात बुडवून ठेवू नये, कारण त्यात पेशी फुगून फुटतात. मूल बेशुद्ध असेल तर दात बसविण्याचा यत्न न करता प्रथम इस्पितळ गाठावे. आणि दुधाचा दात असेल तर तो कधीच पुन्हा बसवू नये. खाली तयार होत असलेल्या कायमच्या दातास त्याने इजा होते.

आता स्प्लिंटसंबंधी. सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानात भग्नचिकित्सेच्या प्रकरणी, तरुण माणसाचे न मोडता हललेले व रक्ताळलेले दात दाबून बसवावेत, बाहेरून थंड लेप द्यावा, सांधणारी औषधे योजावीत आणि रोग्याने कमळाच्या देठातून दूध प्यावे, असे सांगितले आहे. दुखावलेल्या दातांस चर्वणाचे श्रम पडू नयेत, हे त्यातील मर्म आजही खरे आहे. (वृद्धांचे हललेले दात सोडून द्यावेत, असेही तेथेच म्हटले आहे, आजचे दंतवैद्य केवळ वयासाठी कोणाचा दात सोडीत नाहीत, हे आजोबांच्या माहितीस्तव.)

दात जागेवर बसला की दंतवैद्य पोलादाची बारीक, फार तर ०.४ मिलिमीटर जाडीची तार, त्या दातास व शेजारच्या धडधाकट दातांस बाहेरून राळेसारख्या द्रव्याने चिकटवितात. ही तार पाहून घरोघरी एकच तक्रार निघते : ‘एवढीशी तार! दात तर अजून किंचित हलतो. घट्ट का नाही बांधला?’ हाडाच्या भंगास आपण खपच्या आवळून बांधतो, त्यावरून हा ग्रह झालेला असतो. पूर्वी दातही पक्के जखडून महिनोगणती तसेच ठेवीत असत. पण तंतूंस नित्याची थोडीशी हालचाल न मिळाली, तर हाड थेट मुळास येऊन भिडते व दात हाडाशी एकजीव होतो. वाढत्या मुलाच्या जबड्यात हे फारच वाईट. शेजारचे दात वाढीबरोबर पुढे सरकतात, आणि जडलेला दात आहे तेथेच आखूड राहतो. म्हणून तार लवचीक असावी व मुदत थोडी. निखळून पुन्हा बसविलेल्या दातास साधारण २ आठवडे पुरतात. दात बाजूस ढकलला गेला असेल किंवा त्याभोवतीचे हाड मोडले असेल तर ४ आठवडे लागतात. मूळच हिरडीलगत मोडले असल्यास ४ महिन्यांपर्यंतही तार ठेवावी लागते.

ह्या दोन आठवड्यांत मऊ भात, वरण, पेज, शिकरण ह्यांवर भागवावे. चिवडा मुलाने दुरूनच पाहावा. मऊ ब्रशाने दात मात्र रोज घासावे. दुखेल म्हणून तोंड अस्वच्छ ठेवणे ही माया नव्हे. धनुर्वाताची लस केव्हा टोचली होती तेही वैद्यांस सांगावे. मुळाचे टोक पूर्ण बनलेल्या दाताची नस निखळल्यावर पुन्हा जगत नाही. दोन आठवड्यांच्या आत ती काढून मूळ भरून घ्यावे लागते. लहान वयातील, टोक अद्याप उघडे असलेल्या दातात ती पुन्हा जीव धरण्याची आशा असते, म्हणून तेथे वाट पाहतात.

तार निघाली म्हणजे काम संपले असे समजून पुढील भेटी चुकविल्या जातात, आणि मुलीचा दात असला तर आठवणीने जाणारी मंडळी मुलाच्या बाबतीत ‘चालायचेच’ म्हणतात, हेही आम्ही पाहतो. मुळाची झीज दुखत नाही. ती क्ष-किरणांच्या चित्रातच दिसते. तेव्हा पहिल्या वर्षी ४ आठवड्यांनी, ३ महिन्यांनी, ६ महिन्यांनी व वर्षअखेरीस, आणि पुढे निदान पाच वर्षे दरसाल एकदा, ह्या तारखा भिंतीवरील दिनदर्शिकेत आजच्या आज लिहून ठेवाव्यात.