मंदाकिनीचा चेहरा

दादासाहेब फाळक्यांच्या 'कालिया मर्दन'मध्ये (१९१९) कृष्ण झाली ती त्यांची सातेक वर्षांची मुलगी मंदाकिनी. पण चित्रपट गोकुळात सुरू होत नाही, तिच्या चेहऱ्यावर सुरू होतो. साध्या वेशातली मुलगी कॅमेऱ्यासमोर एकामागून एक भाव दाखवते आणि मग तीच कृष्णाच्या वेशात दिसते. देव करण्याआधी लेकरू दाखवायचं, हे धाडस मला पुढच्या नागाच्या करामतींपेक्षा मोठं वाटतं. यावर आक्षेप ठरलेला: हे पढवलेले भाव, यात उत्स्फूर्त काय? पढवलेले असतीलही. पण मूकपटात आवाज टिपलाच जात नसे, त्यामुळे कॅमेऱ्याचं हँडल फिरत असतानाही दिग्दर्शकाला बोलता येई, दटावता येई, हसवता येई. बोलपट आला आणि सेटवर चिडीचूप बसणं आलं. मुलाला सगळं आधीच घोकवणं आलं. मूकपटातलं मूल चौकटीबाहेरच्या शब्दाला तिथल्या तिथे चेहऱ्याने उत्तर देऊ शके. आपल्याला वाटतं कृष्ण यशोदेवर रुसला. पोर कदाचित बापावर रुसलेली असायची. रुसवा मात्र खराच.

'खरं मूल हवं तर ल्युमिएर बंधूंचं बघा, १८९५ मधलं बाळाचं जेवण,' असं कोणी म्हणेल. पण तिथेही मांडामांड आहेच. बाळ ऑग्युस्त ल्युमिएरची मुलगी, भरवणारे तिचे आईबाप, कॅमेऱ्यामागे काका लुई, आणि उजेड हवा म्हणून टेबल उघड्यावर. मिनिटभराच्या त्या फिल्मवर मोठ्यांचाच ताबा, तरी बाळ मध्येच हातातलं बिस्कीट चौकटीबाहेर कुणाला तरी देऊ करतं. हे कुणी शिकवलं असेल असं वाटत नाही. पण समोर ओळखीचं माणूस नसतं, तर ते बिस्कीट पुढे झालंच नसतं. म्हणजे उत्स्फूर्तपणाला मोठ्यांचं असणं आड येत नाही, उलट तेच त्याचं निमित्त होतं.

मग जन्माष्टमीला आमच्या अकोल्याच्या जुन्या शहरात लेकरांना मोरपीस खोचून मोबाइलसमोर उभं करतात, 'हस ना रे' म्हणतात, ते हसू फसतं का? एक तर तिथे फक्त हसूच मागितलं जातं. रागावलेला, कंटाळलेला कृष्ण लगेच डिलीट होतो. दुसरं कारण जास्त वजनदार आहे. फाळक्यांची फिल्म महाग, पुन्हापुन्हा घेण्याची चैन त्यांना परवडणारी नव्हती. मोबाइलवर कितीही वेळा घेता येतं आणि घेतलेलं लगेच लेकराला दाखवताही येतं. दोन-चार खेपांनंतर ते आईकडे बघतच नाही, पडद्यातल्या स्वतःकडे बघतं. मंदाकिनीला आपला चेहरा फिल्म धुऊन होईपर्यंत दिसणं शक्यच नव्हतं.