गिटार आली, गाणे कुठले?

गेल्या दिवाळीत आमच्या घरी गिटार आली. नांदगाव खंडेश्वरसारख्या तालुक्याच्या गावी दिवाळीत कापूस-सोयाबीनच्या भावाखेरीज दुसरा विषय सहसा नसतो. त्यामुळे ही बातमी गल्लीभर व्हायला वेळ लागला नाही. नऊ वर्षांच्या नातीने हट्ट धरला होता आणि आजोबांची पेन्शन शेवटी अशाच हट्टांसाठी असते. मी अमरावतीला जाऊन गिटार घेऊन आलो. उभे आयुष्य बँकेत कर्जप्रकरणे तपासण्यात गेले. पण ही खरेदी करताना शाळेचा गणवेश घेताना लावतो तोच हिशेब लावला. पोरगी वाढत्या अंगाची आहे, तेव्हा मोठ्या मापाचीच घ्यावी, म्हणजे पाच-सात वर्षे पाहायला नको!

हिशेब साफ चुकला. पूर्ण मापाच्या त्या गिटारीला पोरीचा हात पुरेना आणि पोलादी तारा दाबून तिच्या बोटांची टोके लाल झाली. चौथ्या दिवशी गिटार कपाटावर गेली. पुण्यात शिकून आलेल्या एका ओळखीच्या तरुणाने मग मला शहाणे केले. आठ-दहा वर्षांच्या मुलांसाठी पाऊण मापाची गिटार मिळते, तारा नायलॉनच्या घ्याव्यात, त्या बोटांना मऊ लागतात. तशी दुसरी आणली, आणि घरात सूर उमटू लागले.

आता प्रश्न आला, वाजवायचे काय? नातीचे उत्तर तयार होते. तिला 'कोको'मधले गाणे हवे होते. २०१७ साली आलेला हा अमेरिकी ॲनिमेशनपट मेक्सिकोतल्या एका मुलाची गोष्ट सांगतो. जोडे शिवणाऱ्या कुटुंबात संगीताला बंदी आहे. कारण एक पूर्वज गाण्यापायी घर सोडून गेला तो परतलाच नाही. हा मुलगा चोरून गिटार शिकतो आणि शेवटी त्याच पूर्वजाचे गाणे म्हणून सारे विसरत चाललेल्या पणजीला भानावर आणतो. चित्रपटाला आणि त्या गाण्याला २०१८ साली ऑस्कर मिळाले. आमच्या घरी तो किती वेळा पाहिला गेला, याची मोजदाद मी सोडून दिली आहे.

शेजारी भजनी मंडळात पेटी वाजवणारे एक गृहस्थ राहतात. मी या गावी बँकेत होतो तेव्हापासून ते मला 'साहेब'च म्हणतात. एका संध्याकाळी ओट्यावर बसून त्यांनी विचारले, "साहेब, पोट्टी हे कोनतं गानं वाजवते बाप्पा? आपल्यातलं काईच येत नाई काय तिले?"

मी हसून वेळ मारून नेली, पण प्रश्न मनातून गेला नाही. तो एका पोरीपुरता नव्हताच.

त्यातला एक भाग सोपा आहे. वाद्य परके आहे, ही तक्रार टिकणारी नाही. विचारणारे गृहस्थ ज्या पेटीवर अभंग वाजवतात, तिचे पेटंट १८४० साली पॅरिसमध्ये घेतले गेले. पुढे कलकत्त्याच्या कारागिरांनी तिला हाताच्या भात्याची केली आणि आपण मांडी घालून तिच्यापुढे बसलो. ती परकी आहे, तिच्यात मींड निघत नाही, तिचे सूर आपल्या श्रुतींशी जुळत नाहीत, अशा कारणांनी १९४० साली तिला रेडिओवर बंदी झाली; ती सैल व्हायला १९७१ साल उजाडले. तोवर महाराष्ट्रात गोविंदराव टेंब्यांसारख्यांनी तिला रंगभूमीवर मानाचे पान दिले होते, आणि खेड्यापाड्यांत तिच्यावाचून भजन उभे राहत नव्हते. ज्या जिल्ह्याने तुकडोजी महाराजांची खंजिरी ऐकली, त्यानेच पेटीलाही घरचे केले. गिटारही उद्या तशीच घरची होईल.

परके गाणे वाजवण्यालाही माझा विरोध नाही. आवडत्या गाण्याने सुरुवात करण्यात मोठे शहाणपण आहे, असे आता माझे मत झाले आहे. जे गाणे शंभर वेळा ऐकले आहे, ते वाजवताना चूक झाली की मुलाला स्वतःलाच कळते. कुणी कान पिळावा लागत नाही. जपानचे व्हायोलिनगुरू शिनिची सुझुकी यांनी याच तत्त्वावर आपली पद्धत उभी केली. मूल मातृभाषा जसे ऐकून ऐकून शिकते, तसेच वाद्यही शिकते, असे ते म्हणत. आपल्याकडे भजनात बसणारे पोर आधी नुसते ऐकते, मग टाळ धरते आणि मग कधीतरी पेटीला हात लावते, तेही हेच. शिवाय बालपटांतली गाणी आटोपशीर असतात, ओळी पुन्हा पुन्हा येतात आणि पुष्कळांचे काम तीन-चार कॉर्डवर भागते. पहिलीच गाठ एफच्या कॉर्डशी पडली आणि एका बोटाने साऱ्या तारा दाबायची वेळ आली, तर पोर वाद्य टाकून देईल.

तेव्हा चूक मुलीची नाही. पेटीवाल्या शेजाऱ्यांच्या प्रश्नाचा खरा रोख आपल्याकडे, मोठ्या माणसांकडे वळतो. आपल्यातले काय तिला येत नाही, हे विचारण्याआधी आपण तिच्यासाठी काय केले, हे विचारायला हवे.

आमच्याच घरातल्या तीन पिढ्या पाहा. मी लहान असताना रेडिओवर 'देवबाप्पा'मधले मोराचे गाणे लागे. चित्रपट १९५३ सालचा. शब्द गदिमांचे, संगीत पु. ल. देशपांड्यांचे, आवाज आशाबाईंचा. मराठीतली तीन मोठी माणसे मुलांच्या एका गाण्यासाठी एकत्र आली आणि कुणालाही त्यात कमीपणा वाटला नाही. १९७४ साली फिल्म्स डिव्हिजनने 'एक, अनेक और एकता' हा छोटासा ॲनिमेशनपट काढला. पाखरे एकजुटीने जाळे घेऊन उडतात, ती गोष्ट. कल्पना विजया मुळे यांची, चित्रे भीमसैन यांची, संगीत वसंत देसाईंचे आणि पोरीचा आवाज चिमुकल्या साधना सरगमचा. सरकारी पैशातून झालेले हे काम. पण आज चाळिशी ओलांडलेल्या कुणालाही त्या पाखरांची आठवण करून द्या, तो चाल गुणगुणू लागतो.

माझ्या मुलाची पिढी मोगलीची. १९९३ साली रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'जंगल बुक' लागे, तेव्हा आमच्या शटरच्या टीव्हीपुढे शेजारची पोरेही येऊन बसत. मालिका जपानी होती. पण हिंदीत आणताना तिच्यासाठी नवे शीर्षकगीत करून घेतले गेले: गुलजारांचे शब्द, विशाल भारद्वाज यांचे संगीत. चित्रे परकी असली तरी गाणे आपले असू शकते, याचा याहून चांगला दाखला मला ठाऊक नाही. आणि तसा मोगली परका तरी कुठे? किपलिंगने त्याला सिवनीच्या जंगलात, वैनगंगेच्या काठी वाढवले. तीच वैनगंगा पुढे आपल्या विदर्भातून वाहते.

आणि नातीच्या पिढीला काय मिळाले? तिच्यापुढे जगातले उत्तमोत्तम चित्रपट आहेत, इंग्रजीत आणि हिंदीत. मराठीत मुलांसाठी ॲनिमेशन जवळजवळ नाही. 'प्रभो शिवाजी राजा' (२०१८) यासारखा एखादा प्रयत्न होतो आणि पुढचे पाऊल पडत नाही. वास्तविक या देशात आगकाड्यांना पडद्यावर नाचवणारा पहिला माणूस मराठीच होता. दादासाहेब फाळक्यांची 'आगकाड्यांची मौज' १९१५ सालची. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी सुरू केलेले खाते आपण अगदीच निष्क्रिय होऊ दिले.

सार्वजनिक संस्थांचीही तीच कथा. मुलांसाठी १९५५ साली स्थापन झालेली चिल्ड्रन्स फिल्म सोसायटी आणि फिल्म्स डिव्हिजन या दोन्ही संस्था २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. त्यांच्या कारभारात दोष नव्हते असे मी म्हणणार नाही. पण बँकेत दोन शाखा एकत्र झाल्या की आम्ही पहिला प्रश्न विचारत असू: जुन्या खातेदाराकडे आता कोण पाहणार? इथे खातेदार लहान मुले होती. त्यांच्या वतीने तो प्रश्न मोठ्या आवाजात विचारला गेला नाही.

शाळेकडून अपेक्षा ठेवावी, तर शिक्षणहक्क कायदा (२००९) सांगतो की सहावी ते आठवीत शंभरावर मुले असतील तर कलाशिक्षणासाठी अर्धवेळ निदेशक असावा. म्हणजे चौथीतल्या माझ्या नातीला कागदोपत्रीसुद्धा हक्क नाही. २०२०चे राष्ट्रीय शैक्षणिक धोरण कला आणि इतर विषय यांच्यातली भिंत पाडायला सांगते. पण धोरणाला हार्मोनियमचा भाता नसतो, तो कुणीतरी हलवावा लागतो. तोवर गावातल्या पोरांचा गुरू म्हणजे मोबाईल. तो चांगले दाखवतो, हे कबूल; पण तो ऐकत नाही. पोरीचे मनगट वाकडे पडते आहे, तिसरी तार उतरली आहे, हे समोर बसलेले माणूसच सांगू शकते.

१९८०च्या दशकात इथल्या शाखेत असताना एकात्मिक ग्रामीण विकास योजनेतून मी एका बँडवाल्याला वाद्यांसाठी कर्ज दिले होते. वाद्य हे उत्पन्नाचे साधन आहे, असे शेऱ्यात लिहावे लागले, तेव्हा प्रकरण मंजूर झाले. त्याने शेवटचा हप्ताही चुकवला नाही. वाद्याने माणसाला आनंद होतो, यासाठी अर्जात रकाना नव्हता. तो रकाना आजही आपल्या अंदाजपत्रकात नाही.

मागणे मोठे नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात दर्जा मिळाला. आपण पेढे वाटले. त्या अभिजात भाषेतले एक गाणे नऊ वर्षांच्या मुलाला गिटारीवर वाजवता येईल, एवढी सोय करावी. बालभारतीच्या पुस्तकांत कवितेखाली स्वरलिपी आणि गिटारीचे चार कॉर्ड छापायला कागद किती लागेल? जगभरचे बालपट मराठीत आणण्यासाठी आणि मोगलीसारखे त्यांचे एखादे गाणे नव्याने लिहून घेण्यासाठी शासनाने थोडा पैसा लावावा. आणि गावोगावच्या भजनी मंडळांतल्या पेटीवाल्यांना, तबलजींना आठवड्यातून दोन तास शाळेत मानधनावर बोलवावे. शिकवणारी माणसे गावातच आहेत. त्यांना कुणी विचारत नाही, इतकेच.

हे मी पुस्तकी बोलत नाही. त्या संध्याकाळनंतर काही दिवसांनी शेजारी पेटी घेऊनच आमच्या ओट्यावर आले. नातीला म्हणाले, "तुहा सा कोनता व माय?" तिला प्रश्न कळेना. तिने जीचा कॉर्ड छेडला. त्यांनी दोन पट्ट्या चाचपल्या आणि म्हणाले, "अरे, हे त पांढरी पाच हाय!" पॅरिसहून आलेली पेटी आणि सातासमुद्रापारची गिटार एका स्वरावर भेटल्या. दोन्ही ठरावीक अंतराच्या सुरांची वाद्ये, त्यामुळे फारशी खळखळ झाली नाही.

'कोको'चे गाणे त्यांना दोन बैठकांत हाती लागले. मग माझ्या मुलाने मोगलीचे गाणे गुणगुणून दाखवले आणि नातीने ते गिटारीवर शोधायला घेतले. मोराचे गाणे माझ्या वाट्याला आले. माझा आवाज बँकेच्या शिपायालाही कधी आवडला नव्हता, पण नातीने सांभाळून घेतले. ती मधेच थांबून म्हणाली, "आबाजी, हे गाणं तुम्ही मला आधी का नाही सांगितलं?"

माझ्यापाशी उत्तर नव्हते.