चिलाकीलेसला चिलाकीलेसच म्हणा

आमच्या ऑफिसच्या कँटीनमध्ये शुक्रवारी सकाळी चिलाकीलेस मिळतात. म्हणजे मिळायचे. आता त्याच काउंटरवर, त्याच ट्रेमधून, त्याच बाईंच्या हातचे 'ब्रेकफास्ट नाचोज' मिळतात. पदार्थात तिळमात्र फरक नाही. फळ्यावरचं नाव तेवढं कोणीतरी पुसलं. का, तर म्हणे लोकांना ते वाचता येत नाही, म्हणून लोक मागत नाहीत.

शिकागोत राहून हे ऐकायचं! या शहरात मेक्सिकन माणसं लाखांनी राहतात, आणि इथे लोकांना चिलाकीलेस वाचता येत नाही?

ज्यांनी खाल्ले नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. मक्याच्या कालच्या तोर्तिया घ्यायच्या, त्यांचे तुकडे करून तळायचे. या तळलेल्या तुकड्यांना तोतोपो म्हणतात. मग टोमॅटो-मिरचीच्या किंवा हिरव्या तोमातियोच्या रटरटत्या साल्सात ते सोडायचे आणि हलक्या हाताने परतायचे. वर चुरलेलं ताजं चीज, क्रीम, कांद्याच्या चकत्या, हवं तर अंडं नाहीतर कोंबडी. तुकडे रस पितात, पण पार लगदा होत नाहीत. तो क्षण साधणं हीच सगळी कला. किती मऊ आणि किती कुरकुरीत यावरून मेक्सिकोतल्या घराघरांत वाद असतात, आपल्याकडे साबुदाण्याच्या खिचडीवरून असतात तसेच.

आता नाचोजचं बघा. स्पॅनिशमध्ये इग्नासियो नावाच्या माणसाला लाडाने नाचो म्हणतात. इग्नासियो अनाया हा टेक्सासच्या सीमेला लागून असलेल्या पिएद्रास नेग्रास गावातला हॉटेलातला माणूस. 1940 च्या दशकात त्याने सीमेपलीकडून आलेल्या गिऱ्हाइकांसाठी तोतोपोंवर चीज आणि मिरचीचे काप घालून एक झटपट बशी केली, आणि तिला त्याचंच टोपणनाव चिकटलं. छान गोष्ट आहे, माझं नाचोजशी काही भांडण नाही. पण चिलाकीलेस त्याच्या कितीतरी आधीचे. एनकार्नासिओन पिनेदो या कॅलिफोर्नियातल्या बाईंनी 1898 साली सॅन फ्रान्सिस्कोत स्पॅनिश भाषेत एक पाककृतींचं पुस्तक छापलं, त्यात चिलाकीलेसच्या एक सोडून तीन कृती आहेत. गंमत म्हणजे पुस्तकाचं नाव 'एल कोसिनेरो एस्पान्योल', म्हणजे स्पॅनिश स्वयंपाकी! मुखपृष्ठावर मेक्सिकोचं नावसुद्धा नाही. पण आत पदार्थाचं नाव त्या बाईंनी जसंच्या तसं ठेवलं. मग 1940 च्या दशकातल्या नाचोचं नाव याला कशाला? आजीला नातवाच्या नावाने हाक मारायची तऱ्हा झाली ही.

तर आता नावाकडे येऊ. हा शब्द मुळात स्पॅनिश नाहीच, नाहुआत्ल आहे. अस्तेकांची भाषा ती हीच. 'मेलेली भाषा' असं कोणी म्हणालं की माझं डोकं फिरतं. मेक्सिकोच्या 2020 च्या जनगणनेत नाहुआत्ल बोलणारे साडेसोळा लाखांच्या आसपास मोजले गेले. 2003 च्या कायद्याने तिला, तिथल्या इतर मूळ भाषांसारखाच, राष्ट्रीय भाषेचा दर्जा आहे. आणि आपण रोज जे 'टोमॅटो' म्हणतो ते तिच्याच 'तोमात्ल'चं स्पॅनिश आणि इंग्रजीतून फिरून आलेलं रूप. चॉकलेट, अव्होकाडो हेही त्याच घरचे.

चिलाकीलेसच्या अर्थाच्या दोन फोडी सांगतात. इंटरनेटवर जिकडेतिकडे छातीठोकपणे मिळते ती 'चिल्ली' अधिक 'किलित्ल', म्हणजे मिरची आणि पालेभाजी. किलित्ल हा शब्द खरा आहे. मेक्सिकोत रानभाज्यांना आजही त्यावरून 'केलीते' म्हणतात. पण अहो, या पदार्थात पालेभाजी आहे कुठे? फार तर साल्सात एपासोते नावाच्या उग्र वासाच्या पाल्याची एखादी काडी पडते, तीही सगळीकडे नाही. कढीलिंब घातला म्हणून कोणी पोह्यांना पालेभाजी म्हणेल का? दुसरी फोड आहे 'चिल्ली' आणि 'आकी' या क्रियापदाची. आकी म्हणजे आत शिरणं. म्हणजे मिरचीच्या रसात घातलेलं, बुडवलेलं. मला हीच पटते, कारण ती कढईत दिसते. या नावात तोर्तिया नाही, चीज नाही, न्याहारी नाही. करणारीचा हात शेवटी जे करतो तेवढंच नावात आहे. मिरचीत सोडलं, झालं.

आणि वापर बघाल तर आणखी मजा. चिलाकीलेस हे कायम अनेकवचनी. एक तुकडा म्हणजे चिलाकील, पण तो शब्द क्वचितच कानावर येतो. आला तर एखाद्या टपरीच्या नावात. मेक्सिको सिटीच्या कोंदेसा भागात 'ला एस्किना देल चिलाकील' म्हणून एक प्रसिद्ध गाडी आहे, तिथे चिलाकीलेस चक्क पावात भरून देतात. (कर्बोदकांत कर्बोदकं. पण वडापाव खाणाऱ्यांनी यावर बोलू नये.) ऑर्डर देताना पदार्थाचं नाव घ्यावंच लागतं असं नाही, नुसता प्रश्न येतो, 'वेर्देस ओ रोखोस?' हिरवे की लाल? ठरत नसेल तर 'दिवोर्सियादोस' मागायचे, म्हणजे घटस्फोटित! अर्धे लाल, अर्धे हिरवे, एकाच बशीत तोंडं फिरवून बसलेले. आणि सीमा ओलांडून ग्वातेमालात गेलात तर तेच नाव स्त्रीलिंगी होतं, चिलाकीला. पदार्थही बदलतो. आत चीज भरून, अंड्यात बुडवून तळलेली अख्खी तोर्तिया. आता हे सगळं 'ब्रेकफास्ट नाचोज'मध्ये कुठे बसवणार? हिरवे-लाल, घटस्फोट, ग्वातेमालातली बहीण... फळा पुसणाऱ्याने एका फडक्यात सगळ्यांना घराबाहेर काढलं.

इथे आमची मावशी (वाचते आहेस ना?) फोनवर म्हणालीच, "अगं, शेवटी शिळ्या पोळीचाच कुस्करा ना तो! मेक्सिकन फोडणीची पोळी म्हण आणि सोड की." कबूल करते, इथे नवीन होते तेव्हा घरी ईमेलमध्ये मीही हेच लिहिलं होतं. 'मेक्सिकन माणिकपेशवे' असं लिहून स्वतःवर खूशही झाले होते. ओळख करून द्यायला ठीक आहे ते. शिळं वाया घालवायचं नाही ही अक्कल दोन्ही घरांत सारखी आहे. पण ओळख झाल्यावर माणसाला आपण 'तो अमक्यासारखा दिसणारा' असंच म्हणत राहतो का?

यावर दुसरा मुद्दा असा येतो, आणि तो बिनतोड वाटतो, की परक्या पदार्थाला ओळखीचं नाव देणं ही जगाची रीतच आहे. पोर्तुगीजांबरोबर मेक्सिकोकडची ती तिखट शेंग आपल्याकडे आली तेव्हा आपण कुठे तिला 'चिल्ली' म्हणालो? आपल्याकडे तिखटासाठी मिरी होती, त्यावरून मिरची केली आणि विषय संपवला. खरंय. पण ते आपण आपल्या घरात, आपल्या तोंडासाठी केलं. मेक्सिकोतल्या बाईच्या हातातली टोपली हिसकावून तिच्यावर 'मिरची' अशी चिठ्ठी नाही लावली. इथे करणारी ती, कृती तिची, शब्द तिचा, आणि फळ्यावर नाव मात्र ज्याने कधी कढईत झारा घातला नाही त्याचं.

आणि खरं सांगू, आपण स्वतः काय करतो? हॉटेलच्या मेन्यूवर 'पोहा' एकवचनी दिसला की आपलं पित्त खवळतं. पोहे म्हणा, पोहे! 'पोहा छान झालाय' असं कोणी म्हणालं की आपल्याकडची माणसं जेवण टाकून व्याकरण शिकवायला बसतात. मी स्वतः त्यातलीच. मग दुसऱ्याच्या अनेकवचनाची वेळ आली की आपल्याला 'सोड की' कसं सुचतं?

कँटीनमधल्या सेन्योरा पुएब्लाकडच्या. नाव बदललं तेव्हा मी विचारलं, तुम्ही काही बोलला नाहीत? त्या म्हणाल्या, बोलून काय होणार, लोक आता जास्त घेतात. मग थांबून म्हणाल्या, माझी आजी नाहुआत्ल बोलायची. आईला थोडं समजायचं. मला शिव्या आणि पदार्थ तेवढे येतात. असं म्हणून त्या हसल्या. मला काही हसू आलं नाही.

मी व्यवस्थापनाला एक लांबलचक ईमेल पाठवलं. उत्तर आलं की सूचनेची नोंद घेतली आहे. असो. फळा तसाच आहे.

आता मी शुक्रवारी रांगेत पुढे जाऊन मोठ्याने म्हणते, "चिलाकीलेस, वेर्देस, पोर फावोर." गेल्या आठवड्यात माझ्या मागे एक नवा मुलगा होता. त्याने फळ्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि चाचरत म्हणाला, "चि... चिलाक्विलेस?" सेन्योरांनी डाव हवेत तसाच धरला आणि म्हणाल्या, "की. की-लेस. बरं, हिरवे की लाल?"