रद्द झालेले प्रवेश आणि हरवलेल्या जागा

व्यावसायिक महाविद्यालयांचे प्रवेश सुरू झाले की भंडारा जिल्ह्यातील पालकांची पावले कचेऱ्यांकडे वळू लागतात. कोणी आजोबांच्या शाळेतील दाखलखारीज उतारा शोधतो, तर कोणी कोतवाल बुकाची नक्कल मिळविण्यासाठी हेलपाटे घालतो. प्रमाणपत्र मिळते, प्रवेशही मिळतो. पुढे काही वर्षांनी तपासणी समिती जमातीचा दावा फेटाळते, प्रवेश रद्द होतो आणि प्रकरण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे जाते. या खटल्यांकडे आपण जातीचा वाद म्हणून पाहतो. तो तसा आहेच. परंतु त्यातील विलंबाचा भाग मला अधिक गंभीर वाटतो.

आपल्या जिल्ह्यात या वादाची मुळे खोल गेलेली आहेत. पवनी, मोहाडी, आंधळगाव या भागांत हातमागावर जगणारा कोष्टी समाज मोठा आहे. अनुसूचित जमातींच्या यादीत ‘हलबा, हलबी’ अशी नोंद आहे. १९७६ च्या कायद्याने क्षेत्रबंधन उठल्यावर हलबा-कोष्टी म्हणून या नोंदीचा लाभ मागणारे दावे वाढले. मागाचा धंदा बुडत असताना मुलाला डॉक्टर किंवा अभियंता करण्याची वाट विणकराने शोधली, यात नवल नाही. मात्र राज्यघटनेच्या ३४२ व्या अनुच्छेदाप्रमाणे ही यादी बदलण्याचा अधिकार संसदेचा आहे. ती ताणण्याचा अधिकार शासनाला नाही आणि न्यायालयालाही नाही. २८ नोव्हेंबर २००० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मिलिंद खटल्यात हेच निःसंदिग्धपणे सांगितले.

त्या खटल्यातील विद्यार्थी १९८५-८६ मध्ये वैद्यकीय महाविद्यालयात दाखल झाला होता. अंतिम निकाल लागेपर्यंत सुमारे १५ वर्षे गेली. दावा अमान्य ठरला, पण पदवी कायम राहिली. त्याच्या शिक्षणावर सार्वजनिक पैसा खर्च होऊन गेला आहे, आता प्रवेश रद्द करून कोणाचेच हित साधणार नाही, असा न्यायालयाचा विचार होता. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला हा युक्तिवाद ओळखीचा आहे. झालेला खर्च परत येत नाही; निर्णय पुढच्या लाभहानीकडे पाहून घ्यावा, हे आम्ही वर्गात शिकवितोच. परंतु हाच नियम सर्वांना आधी कळला तर त्याचा परिणाम उलटा होतो. जो स्थगिती आणून पदवीपर्यंत तग धरील तो तरतो. ज्याचा निकाल दुसऱ्याच वर्षी लागतो तो बुडतो. वकिलाची फी भरण्याची ऐपत हीच मग गुणवत्ता होऊन बसते.

एका अनुसूचित जमातीच्या उमेदवाराची जागा गेली, याची नोंद त्याच निकालपत्रात आहे. पण हा उमेदवार न्यायालयात कधीच उभा नसतो. साकोलीकडचा एखादा गोंड मुलगा आपला क्रमांक लागला नाही म्हणून मुकाट्याने दुसरीकडे जातो. आपली जागा कोणाकडे गेली, हे त्याला ठाऊकही नसते. तिसऱ्या वर्षी प्रवेश रद्द झाला तरी ती जागा काही त्याला मिळत नाही. ती नुसती वाया जाते.

महाराष्ट्राचा जात प्रमाणपत्र पडताळणीचा कायदा २००१ पासून अमलात आला. त्यात दावा सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर आहे. दावा खोटा ठरल्यास प्रवेशच काय, मिळविलेली पदवीही रद्द होते आणि शिष्यवृत्तीची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल होते. ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने या कायद्याला पूर्ण धार दिली. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१४ साली मोकळी ठेवलेली संरक्षणाची वाट बंद झाली. दावेदाराचा हेतू अप्रामाणिक नसला, तरी लाभ काढून घेता येतो, असेही ठरले. तत्त्व म्हणून मला हे मान्य आहे. तथापि प्रमाणपत्र काढले गेले तेव्हा जो अज्ञान होता, त्या मुलाने वडिलांच्या समजुतीचा दंड ऐन विशीत भरावा, हे पाहून मन अस्वस्थ होते.

गोवारी समाजाची कथा याहून क्लेशदायक आहे. २३ नोव्हेंबर १९९४ रोजी नागपुरात विधिमंडळावर गेलेल्या मोर्चातील चेंगराचेंगरीत ११४ गोवारी मृत्युमुखी पडले. १४ ऑगस्ट २०१८ रोजी नागपूर खंडपीठाने त्यांचा जमातीचा दावा मान्य केला. १८ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द ठरविला. गोवारी म्हणजे गोंड-गोवारी नव्हेत, असे म्हटले. मधल्या काळात मिळालेले प्रवेश व नोकऱ्या मात्र अबाधित ठेवल्या, पुढील लाभ तेवढे नाकारले. हे न्याय्यच झाले, कारण त्या मुलांनी उच्च न्यायालयाच्या शब्दावर विश्वास ठेवला होता. पण विणकराच्या मुलानेही शासनाच्याच शिक्क्यावर विश्वास ठेवला होता, हे कसे विसरावे? एकाच शासनाचा एक अधिकारी प्रमाणपत्र देतो आणि दुसरी समिती काही वर्षांनी ते जप्त करते. या दोहोंमधील वर्षांची किंमत ज्याने ती वाया घालविली त्याच्याकडून कधीच वसूल होत नाही.

मुदतवाढ हा यावरचा उपाय नव्हे. पडताळणी प्रमाणपत्र सादर करण्यास शासनाने वेळोवेळी मुदती वाढवून दिल्या. प्रत्येक मुदतवाढीने संशयित प्रवेश आणखी काही महिने पुढे ढकलला गेला, एवढेच. आज विज्ञान शाखेच्या विद्यार्थ्यांचे अर्ज कनिष्ठ महाविद्यालयांमार्फत जातात, म्हणजे प्रवेशाला जेमतेम एक-दोन वर्षे उरलेली असतात. दक्षता पथकाने गावी जाऊन चौकशी करावयाची, जुन्या नोंदी तपासावयाच्या, मग सुनावणी घ्यावयाची. एवढ्या कामाला ही मुदत पुरत नाही. हेच अर्ज नववीत, शाळेमार्फत घेण्यास अडचण कोणती? कोतवाल बुकातील नोंद मुलगा नववीत असतानाही तीच असते आणि वैद्यकीय शिक्षणाच्या तिसऱ्या वर्षातही तीच. नववीत दावा फेटाळला गेला, तर अपील करायला आणि खुल्या जागेसाठी अभ्यास करायला मुलाच्या हाती चार वर्षे राहतात. आणि साकोलीच्या त्या मुलाची जागाही प्रवेशाच्या दिवशी शिल्लक असते.