हवेतले चवदार तळे

दरवर्षी 6 डिसेंबरला चैत्यभूमीवर अभिवादन करून आम्ही एव्हरशाईन सिटीतले कार्यकर्ते विरार लोकलने वसईला परततो. घरी येऊन टीव्ही लावतो तेव्हा आम्ही जे पाहून आलो ते पडद्यावर नसते. शिवाजी पार्कवरचे पुस्तकांचे स्टॉल नसतात, तासन्‌तास रांगेत शांतपणे उभी असलेली माणसे नसतात. नेत्यांची पुष्पांजली, वाहतुकीतले बदल, गर्दी आणि कचरा, एवढ्यात बातमी आटोपते. आपण दोन दिवस चिडतो, व्हॉट्सॲपवर निषेध लिहितो आणि विसरून जातो. आमचे स्पष्ट म्हणणे आहे की या निषेधाने काहीही साधत नाही.

जरा इतिहास पाहा. मुंबईचे रेडिओ केंद्र 23 जुलै 1927 रोजी सुरू झाले. त्याच वर्षी, 20 मार्चला, बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले होते. आवाज हवेतून घरोघरी जाऊ लागला त्या वर्षी आपल्या बापजाद्यांना पाण्यासाठी सत्याग्रह करावा लागत होता! पुढे 3 ऑक्टोबर 1954 रोजी बाबासाहेब आकाशवाणीवर बोलले. स्वातंत्र्य, समता, बंधुता ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून नव्हे, तर बुद्धाकडून घेतली, असे त्यांनी देशाला सांगितले. पण चळवळ खेड्यापाड्यांत पोहोचवली ती वामनदादा कर्डकांसारख्या शाहिरांनी, आणि नंतर कॅसेटींनी. 2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले. त्याच वर्षी याच मुंबईत दलित पँथर उभी राहिली.

आज शेकडो चॅनेल आहेत, पण निर्णय कोण घेते? 2006 साली दिल्लीतल्या माध्यमांमधील 315 वरिष्ठ पत्रकारांची पाहणी झाली. त्यात एकही दलित किंवा आदिवासी सापडला नाही. 2019 च्या ऑक्सफॅम-न्यूजलाँड्री अहवालात नेतृत्वाची 121 पदे तपासली गेली. 106 पदांवर सवर्ण होते. अनुसूचित जाती-जमातींचे शून्य.

कुणी म्हणेल, आता यूट्यूब आहे, आपली स्वतःची चॅनेल आहेत, मग टीव्हीवाल्यांच्या दारात कशाला जायचे? आपली माध्यमे हवीतच. 'मूकनायक' 1920 मध्ये त्याचसाठी निघाला. पण 'मूकनायक' काढणारे बाबासाहेब महाडलाही गेले, हे विसरू नका. वेगळी विहीर खणून ते गप्प बसले नाहीत, कारण तळे सार्वजनिक होते. महाड नगरपालिकेने 1924 मध्ये तसा ठरावही केला होता. ठराव कागदावर होता, पाणी मात्र मिळत नव्हते. ध्वनिलहरींचे आज तेच झाले आहे. 9 फेब्रुवारी 1995 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. कागदावर आपण मालक आहोत. ओंजळ मात्र रिकामी आहे.

मग करायचे काय? अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांकडून शिकू या. मिसिसिपीतल्या जॅक्सन शहरात डब्ल्यूएलबीटी नावाचे टीव्ही केंद्र होते. त्याच्या क्षेत्रात सुमारे 45 टक्के लोक कृष्णवर्णीय, पण पडद्यावर त्यांना जागा नव्हती. 1955 मध्ये कृष्णवर्णीयांच्या संघटनेचे वकील बोलत असताना केंद्राने प्रक्षेपण तोडले आणि 'केबलमध्ये बिघाड' अशी पाटी झळकवली, अशी तक्रार झाली. पण लोक तक्रारीवर थांबले नाहीत. मार्च 1964 मध्ये स्वयंसेवकांनी आठवडाभर त्या केंद्राचे कार्यक्रम पाहून पद्धतशीर नोंदी केल्या. सरकारी आयोग म्हणाला, प्रेक्षकांना यात बोलण्याचा अधिकारच नाही. 1966 मध्ये न्यायालयाने तो अधिकार मान्य केला, आणि 1969 मध्ये केंद्राचा परवाना रद्द ठरवला. या लढ्याला सुरुवात कागद-पेन्सिलने झाली होती.

आमचा प्रस्ताव साधा आहे. 1 ते 7 डिसेंबर या आठवड्यात एव्हरशाईन सिटीतल्या आपल्या प्रत्येक घराने एक चॅनेल वाटून घ्यावे आणि वही करावी. आपल्याविषयी किती मिनिटे दाखवले, माईक कुणापुढे धरला, कोणते शब्द वापरले, ते वेळेसह लिहावे. 'कमी दाखवले' म्हणून कायदा खासगी चॅनेलला शिक्षा करणार नाही, हे आम्ही जाणतो. पण समाजाची बदनामी झाली तर 2021 च्या केबल नियमांनुसार तक्रार करता येते आणि चॅनेलला 15 दिवसांत निर्णय द्यावा लागतो. दूरदर्शन-आकाशवाणीची जबाबदारी तर अधिक मोठी आहे. प्रसार भारती कायदा, 1990 मध्येच सामाजिक न्यायाला चालना देणे आणि अस्पृश्यतेसारख्या अनिष्ट गोष्टींचा मुकाबला करणे हे त्यांचे काम म्हणून लिहिले आहे. वही घेऊन जाऊ आणि विचारू, हे काम किती मिनिटे केलेत?

संताप दोन दिवसांत विरतो. तारीख-वेळ घालून लिहिलेली वही पुढच्या वर्षीही पुरावा म्हणून उभी राहते. तळे आपलेही आहे. आता पाण्यात हात घालू या.

जय भीम!