चित्रपटगीत आणि आपला गानवर्ग

मुलांना भजन, झाकरी आणि शास्त्रोक्त राग शिकवावेत. चित्रपटगीतास गानवर्गात थारा देऊ नये, असा आग्रह मॉरिशसमधील आपल्या वडीलधाऱ्या मंडळींत पुष्कळदा आढळतो. त्यामागील कळकळ मला मान्य आहे. निष्कर्ष मान्य नाही. त्याला उत्तर म्हणून संगीतकार वसंत देसाई यांचे उदाहरण मी पुढे ठेवतो.

देसाईंचा जन्म १९१२ साली सावंतवाडी संस्थानातील सोनवडे गावी झाला. रत्नागिरी व सावंतवाडी याच मुलुखातून आपल्यापैकी अनेकांचे पूर्वज करारबद्ध मजूर म्हणून या बेटावर उतरले. देसाई तरुणपणीच प्रभात कंपनीत शिरले आणि शास्त्रोक्त संगीताची तालीम घेऊन पुढे संगीतकार झाले. या तालमीशी त्यांनी कधी प्रतारणा केली नाही. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) या चित्रपटाचे शीर्षकगीत त्यांनी अडाणा रागात बांधले आणि उस्ताद अमीर खाँ यांच्याकडून गाऊन घेतले. ‘गूंज उठी शहनाई’मध्ये (१९५९) बिस्मिल्ला खाँ यांची सनई घराघरांत पोहोचविली. ‘गुड्डी’मध्ये (१९७१) वाणी जयराम यांच्या मुखी मियाँ की मल्हार ठेवला. ज्यांनी मैफल कधी पाहिली नव्हती, त्यांच्या कानीही हे राग पडले.

परंतु मला अधिक मोलाची वाटते ती ‘दो आँखें बारह हाथ’मधील (१९५७) प्रार्थना. लहान मूलही गाऊ शकेल इतकी ती सोपी, तरी तिचे गांभीर्य ढळत नाही. असे सोपेपण साधावयास गाढ विद्या लागते.

सगळीच चित्रपटगीते या तोडीची नसतात, हे खरे. म्हणूनच निवड करावयास शिक्षक हवा. आपली मुले घरी क्रिओल बोलतात, शाळेत इंग्रजी व फ्रेंच शिकतात. मराठी शब्द त्यांच्यापर्यंत पुष्कळदा चालीच्या बोटास धरूनच येतो. आपण दार लावले म्हणून ती चित्रपटगीते ऐकावयाची थांबणार नाहीत. ती ऐकतील, पण अर्थ सांगणारे त्यांच्याजवळ कोणी नसेल.

यास्तव माझी सूचना साधी आहे. ‘अमर भूपाळी’ (१९५१) किंवा ‘श्यामची आई’ (१९५३) यांतील एखादे गीत घ्यावे. दोन्हींचे संगीत देसाईंचेच आहे. प्रथम शब्दांचा अर्थ सांगावा, मग चाल शिकवावी, मग तिचा राग ओळखून त्याच रागातील एखादी सोपी बंदिश द्यावी. झाकरी आणि भजन आपल्या जागी राहतीलच.

देसाई १९७५ साली निवर्तले. त्यांच्या चाली मात्र आजही मुलांच्या ओठी सहज बसतात. ज्या मातीतून ते आले, त्याच मातीची आपण लेकरे. त्यांचे गाणे आपल्या वर्गाच्या उंबरठ्याबाहेर ठेवणे आपणांस शोभत नाही.